मिरोस्लाव होर्निचेक : वेरिख यांचा जोडीदार की स्वतंत्र नट?

प्रश्न — दक्षिण कसब्यातील वाचक

नमस्कार. आमच्या पेठेतील वाचनालयात महिन्याच्या शेवटच्या रविवारी चाळीस मिनिटांचे एक व्याख्यान होते. वक्ता आमच्यापैकीच कोणीतरी असतो आणि श्रोते पंचवीस-तीस, त्यातही निम्मे साठीच्या पुढचे. या वेळी 'परदेशी रंगभूमीवरील विनोद' हा विषय माझ्या वाट्याला आला आहे आणि मी चेक नट मिरोस्लाव होर्निचेक यांच्यावर बोलायचे ठरवले आहे. माझा भाचा नोकरीनिमित्त ब्रनो शहरात असतो. दिवाळीला घरी आला तेव्हा त्याने मला काही जुनी ध्वनिमुद्रणे ऐकवली. भाषा मला ओ की ठो कळत नव्हती. तरीही एक भारदस्त आवाज आणि त्याच्याशी बोलणारा दुसरा, जरा हलका आवाज यांच्यातील देवाणघेवाण मी तासभर ऐकत बसलो. भारदस्त आवाज जुने चेक विनोदी नट यान वेरिख यांचा होता आणि दुसरा होर्निचेक यांचा. हशा नेमका कोणत्या वाक्यावर येणार हे त्या दुसऱ्या आवाजाला आधीच ठाऊक असावे, असे मला राहून राहून वाटत होते.

आतापर्यंत माहिती जमवली आहे ती अशी. त्यांचा जन्म १० नोव्हेंबर १९१८ रोजी प्लझेन येथे झाला. बिअरमुळे जगाला पिल्सन या जर्मन नावाने माहीत असलेले हेच शहर. सुरुवात तिथल्याच रंगभूमीवर झाली. महायुद्ध संपल्यावर ते प्रागमध्ये आले, काही काळ राष्ट्रीय नाट्यगृहात होते आणि १९५५ नंतर एबीसी नाट्यगृहात वेरिख यांच्याबरोबर त्यांची जोडी जमली. पुढे १९६७ च्या माँट्रियल येथील जागतिक प्रदर्शनातील एक अजब चित्रपट, मग दूरचित्रवाणी, स्वतः लिहिलेली नाटके, ललित लेखन, फावल्या वेळात चिकटचित्रे (कोलाज), आणि १५ फेब्रुवारी २००३ रोजी लिबेरेत्स येथे निधन.

माझी अडचण अशी आहे की या माणसाचे नाव जिथे जिथे येते तिथे ते दुसऱ्या कुणाच्या तरी नावाला जोडूनच येते. वेरिख यांच्याबरोबर ते उभे राहिले ती जागा मुळात वेरिख यांचे आधीचे साथीदार यिर्झी वोस्कोवेत्स यांची होती. माँट्रियलच्या चित्रपटाची कल्पना रादुझ चिंचेरा यांची. दूरचित्रवाणीवर गाजलेल्या, दोन लेखनिकांच्या मालिकेचे मूळ फ्रेंच लेखक फ्लोबेर यांच्या अपूर्ण कादंबरीत, आणि तिथेही यिर्झी सोवाक हे तोलामोलाचे नट शेजारी आहेतच. मग या माणसाचे स्वतःचे असे काय होते, हे सोलापूरच्या श्रोत्यांना पटेल अशा रीतीने कसे मांडावे? रंगभूमीशी प्रत्यक्ष संबंध असलेल्यांनी मार्गदर्शन केल्यास आभारी राहीन.

उत्तर १ — विंगेतला

तुम्ही ऐकलेल्या त्या देवाणघेवाणीला चेक भाषेत 'फोर्बीना' म्हणतात. शब्द जर्मनमधून आलेला आहे आणि त्याचा मूळ अर्थ दर्शनी पडद्यापुढची रंगमंचाची चिंचोळी पट्टी एवढाच आहे. वोस्कोवेत्स आणि वेरिख, दोघेही १९०५ चे, विद्यार्थिदशेत असताना १९ एप्रिल १९२७ रोजी त्यांनी आपला पहिला रेव्ह्यू, म्हणजे गाणी आणि विनोदी प्रवेशांचा खेळ, सादर केला, आणि पडद्यापुढे उभे राहून दोन विदूषकांनी गप्पा मारण्याची प्रथा तिथून रुजली. त्यांच्या नाट्यगृहाचे नाव 'ओस्वोबोझेने दिवाद्लो', म्हणजे मुक्त रंगभूमी. हिटलरची सावली पडू लागली तशी त्या गप्पांना धार चढत गेली. १९३८ च्या अखेरीस नाट्यगृह बंद पडले आणि १९३९ च्या जानेवारीत दोघांनी अमेरिका गाठली. युद्धानंतर दोघेही मायदेशी परतले. वेरिख राहिले. वोस्कोवेत्स मात्र १९४८ च्या कम्युनिस्ट सत्तांतरानंतर पुन्हा बाहेर पडले ते कायमचेच. अमेरिकेत त्यांना न्यूयॉर्कजवळच्या एलिस बेटावर, स्थलांतरितांच्या ठाण्यात, कित्येक महिने अडकवून ठेवले होते, आणि पुढे १९५७ च्या '१२ अँग्री मेन' या बारा ज्युरींच्या प्रसिद्ध चित्रपटात अकराव्या ज्युरीच्या, म्हणजे एका घड्याळजीच्या, भूमिकेत ते दिसले. तो चित्रपट आपल्यापैकी पुष्कळांनी पाहिला आहे, पण तो घड्याळजी म्हणजे प्रागचा एक विदूषक होता हे फार थोड्यांना माहीत असते.

आता तुमच्या श्रोत्यांसाठी. त्यांना फोर्बीना समजावून सांगायला युरोपात जाण्याची गरज नाही. आपल्या तमाशात गण आणि गौळण झाल्यावर, वग सुरू होण्याआधी, बतावणी येते. सरदार आणि सोंगाड्या समोरासमोर उभे राहतात, विषय कुठलाही असो, गावच्या पाटलापासून दिल्लीच्या तख्तापर्यंत सगळ्यांची हजेरी घेतली जाते, आणि त्यातले काही संहितेत असते, काही त्या रात्रीचे. बतावणीत सरदाराचे काम करणाऱ्याला टाळी कमी मिळते, हेही तुमचे श्रोते जाणतात. परंतु सरदार कच्चा असला की सोंगाड्याचा बार फुसका जातो, हे ज्याने विंगेतून पाहिले आहे त्यालाच कळते.

मी स्वतः सुमारे तीस वर्षे हौशी रंगभूमीवर नेपथ्य सांभाळले. एकदा हुतात्मा स्मृती मंदिरात स्पर्धेचा प्रयोग होता. दुसऱ्या अंकाची तिसरी घंटा झाली आणि आमच्या फिरत्या घराचे एक चाक रंगमंचाच्या फळीत असे रुतले की चौघांनी जोर लावूनही हलेना. दिग्दर्शकाने विनोदी भूमिका करणाऱ्या नटाला पडद्यापुढे ढकलले. तो गडी दोन मिनिटे छान बोलला. उन्हाळ्यावर बोलला, वीज जाण्यावर बोलला, आणि मग त्याचे पेट्रोल संपले. सभागृहात खोकल्याचे आवाज येऊ लागले. तेव्हा दुसरा एक नट, नाटकात त्याची भूमिका जेमतेम चार वाक्यांची होती, हातात झाडू घेऊन दुसऱ्या विंगेतून बाहेर आला आणि त्याने पहिल्याला शांतपणे विचारले, "झालं का तुमचं? मला इथलं झाडायचंय." पुढची आठ मिनिटे सभागृह हसत होते. बहुतेक विनोद पहिल्या नटानेच केले, पण ते त्याच्या तोंडून काढले त्या झाडूवाल्याने: प्रश्न विचारून, न समजल्यासारखे करून, मध्येच गप्प बसून. चाक निघाले. नियमांनुसार वेळेचे गुण कापले गेले ते वेगळे.

होर्निचेक यांचे काम या झाडूवाल्याच्या जातीचे होते. मात्र हे काम त्यांना एक रात्र करायचे नव्हते. ते त्यांनी वर्षानुवर्षे केले, आणि वेरिख यांच्या शेजारी वोस्कोवेत्स यांना डोळ्यांनी पाहिलेला प्रेक्षक समोर बसलेला असताना केले. एबीसीमध्ये या दोघांनी वोस्कोवेत्स-वेरिख यांचीच जुनी नाटके नव्याने उभी केली. जुन्या नटाची नक्कल केली तर लोक म्हणणार, हा तो नव्हे. आणि फार वेगळे केले तरीही लोक तेच म्हणणार. वोस्कोवेत्स हे वेरिख यांचे समवयस्क मित्र होते. होर्निचेक तेरा वर्षांनी लहान, म्हणजे समोरच्याच्या थोरवीची जाण असलेले, पण तिच्यापुढे न दबणारे धाकटे. नात्याचा हा बदल त्यांनी लपवला नाही, वापरला. माझ्या मते तुमच्या व्याख्यानाचा कणा इथेच आहे.

उत्तर २ — पूर्व भागातील रंगकर्मी

विंगेतले काका, झाडूवाल्याची हकिकत वाचून तो प्रयोग मीही पाहिला असावा असे वाटून गेले. मला माँट्रियलबद्दल लिहायचे आहे, कारण होर्निचेक यांच्या कारकिर्दीतील तो भाग मला सर्वांत जवळचा वाटतो आणि त्याचे कारण निव्वळ घरगुती आहे.

प्रथम तो प्रकार काय होता ते सांगते. १९६७ च्या प्रदर्शनात चेकोस्लोवाकियाच्या दालनात 'किनोऑटोमॅट' नावाचे एक छोटे चित्रपटगृह उभारले होते. १२७ आसने, आणि प्रत्येक आसनाला एक हिरवे व एक लाल बटण. 'माणूस आणि त्याचे घर' असे त्या चित्रपटाचे नाव होते. दिग्दर्शनात यान रोहाच आणि व्लादिमीर स्विताचेक होते आणि श्रीयुत नोव्हाक ही मुख्य भूमिका होर्निचेक यांची होती. चित्रपट मध्येच थांबे, दिवे लागत, आणि पडद्यावर एवढा वेळ दिसणारा तोच माणूस सदेह रंगमंचावर येऊन विचारी की आता नोव्हाकने काय करावे. उदाहरणार्थ, शेजारीण अंगावर नुसता टॉवेल गुंडाळून दारात उभी आहे, तिच्या घराचे दार आपोआप बंद झाले आहे, आणि नोव्हाकची बायको आता कुठल्याही क्षणी घरी येणार आहे. तर शेजारणीला आत घ्यावे की नाही? लोक बटणे दाबत, पडद्याच्या कडेने आसनांचे क्रमांक हिरवे-लाल उजळत, आणि बहुमताप्रमाणे पुढचे दृश्य सुरू होई. जागेवर फिल्म बदलली जात नसे. दोन प्रक्षेपक बरोबरीने चालू असत आणि कौल मिळेल त्याचेच चित्र पडद्यावर सोडले जाई.

आता घरगुती कारण. होर्निचेक यांना इंग्रजी येत नव्हते. माँट्रियलच्या प्रेक्षकांशी त्यांनी जे निवेदन केले ते उच्चारांवरून मुखोद्गत केलेले होते. आमच्या घरची भाषा तेलुगू, शाळेची मराठी, आणि एका वर्षी मला कन्नड नाटकात छोटी भूमिका मिळाली. कन्नड कानावरून गेलेली होती, पण बोलता येत नव्हती. मी सगळी वाक्ये देवनागरीत लिहून काढली, श्वास कुठे घ्यायचा तिथे उभ्या रेघा मारल्या, आणि विडी वळत बसलेल्या आजीसमोर रोज म्हणून दाखवली. पाठांतर चोख झाले. अडले ते पाठांतरात नव्हे, प्रयोगात. माझ्या एका वाक्यावर अनपेक्षित हशा आला आणि त्यातला कोणता शब्द लोकांना लागला हे मला कळलेच नाही, त्यामुळे मी हशा ओसरायच्या आत पुढचे वाक्य म्हटले आणि तेही वाया घालवले. परक्या भाषेत पाठ केलेला विनोद म्हणजे डोळे बांधून रांगोळी घालण्यासारखे आहे. हात बरोबर फिरतो, पण कुठे विस्कटले ते दिसत नाही.

म्हणून मला त्या माणसाचे नवल वाटते. परक्या भाषेत पाठ केलेले बोल, समोर रोज बदलणारे १२७ लोक, त्यांचा कौल आधी माहीत नसलेला, आणि एवढे असून तो माणूस आत्ता आपल्याशीच बोलतो आहे असे त्यांना वाटायला हवे. याला मी नुसती स्मरणशक्ती म्हणणार नाही. वाक्याचा अर्थ ज्याला समोरच्या चेहऱ्यावरून वाचता येतो त्यालाच हे जमते, आणि ती सवय पडद्यापुढच्या गप्पांतूनच लागलेली असणार.

एक गंमत मुद्दाम सांगा. लोकांनी कोणतेही बटण दाबले तरी शेवट एकच होता. घराला आग लागते, लागतेच. चित्रपटाची सुरुवातही त्या आगीपासूनच होते. वाटा दोन दिसतात, पण प्रत्येक वेळी पुढच्या प्रश्नापाशी येऊन मिळतात. त्या काळच्या चेकोस्लोवाकियातल्या कलावंतांनी मतदानावर केलेली ही थट्टा आहे, हे तुमच्या श्रोत्यांना वेगळे समजावून सांगावे लागणार नाही.

उत्तर ३ — जुना श्रोता

वरील दोन्ही उत्तरे वाचली. पहिल्यात एक छोटी दुरुस्ती सुचवतो. फोर्बीना म्हणजे त्या-त्या रात्री सुचलेले बोलणे, असा समज तुमच्या व्याख्यानातून होऊ देऊ नका. 'काही संहितेतले, काही त्या रात्रीचे' असे विंगेतल्यांनी म्हटले आहे ते योग्यच आहे, पण श्रोते नेमका दुसरा भाग लक्षात ठेवतात. या संवादांची ध्वनिमुद्रणे आहेत आणि मुद्रित रूपही आहे. ती ऐकताना लक्षात येते की बांधणी पक्की आहे. विषय कुठून उचलायचा, कुठे भरकटवायचा आणि कुठे परत आणायचा हे ठरलेले असते. मोकळीक असते ती दोन खुंट्यांच्या मधल्या दोरीत. उत्स्फूर्ततेचा भास निर्माण करणे हे निव्वळ उत्स्फूर्त असण्यापेक्षा अवघड काम आहे, आणि होर्निचेक यांची हयात त्यात गेली.

तुम्ही दूरचित्रवाणीचा उल्लेख ओझरता केला आहे. तिथे थोडे थांबा. साठचे दशक संपता संपता त्यांनी 'होवोरी हा' नावाचा कार्यक्रम सुरू केला. 'होवोरी' म्हणजे गप्पा आणि 'हा' म्हणजे त्यांच्या आडनावाचे आद्याक्षर, चेक भाषेत त्याचा उच्चारच 'हा' असा आहे. आपल्याकडे हेच अक्षर हसण्याचेही आहे, हा योगायोग तुमच्या श्रोत्यांना आवडेल. समोर प्रेक्षक, शेजारी पाहुणे, आणि मध्ये हे गृहस्थ. नेपथ्याचा थाट नाही, गाणेबजावणे नाही, माणसे नुसती बोलतात. आज असे कार्यक्रम पैशाला पासरी झाले आहेत, परंतु त्या वेळी त्या देशात ते नवे होते. १९६८ च्या ऑगस्टमध्ये सोव्हिएत नेतृत्वाखालील वॉर्सा कराराच्या फौजा देशात शिरल्यानंतरचा तो काळ आहे. माणसे जपून बोलू लागली होती. अशा दिवसांत शेकडो लोकांसमोर बसून, आधी न ठरवल्यासारखे भासणारे बोलणे बोलणे, यातला धोका वेगळा सांगायला नको. पुढे तो कार्यक्रमही राहिला नाही, आणि सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला प्रागमध्ये किनोऑटोमॅटचे खेळही बंद करण्यात आले. चिंचेरा यांच्या कन्येच्या प्रयत्नांतून तो चित्रपट पुन्हा प्रेक्षकांसमोर यायला २००७ साल उजाडले. तोपर्यंत होर्निचेक हयात नव्हते.

१९७२ च्या लेखनिकांच्या मालिकेबद्दल एवढेच लिहितो की फ्लोबेर यांच्या मूळ कादंबरीतील ते दोन लेखनिक बागकामापासून वैद्यकापर्यंत प्रत्येक विद्या पुस्तकातून शिकायला जातात आणि प्रत्येकीत तोंडघशी पडतात. पुन्हा दोघांची जोडी, पुन्हा अखंड संवाद, आणि दिग्दर्शनासाठी पुन्हा माँट्रियलचे रोहाच. या माणसाच्या आयुष्यात साथीदार बदलत गेले, तो मात्र संवादातच राहिला. वेरिख, मग चित्रपटातला स्वतःचाच पडद्यावरचा अवतार, मग पाहुणे, मग सोवाक, आणि उतारवयात गावोगावच्या सभागृहांतले श्रोते. तुम्हाला 'दुसऱ्याच्या नावाला जोडलेला' म्हणून जे उणे वाटते आहे, ते मला त्यांच्या कलेचे लक्षण वाटते. चित्रपटांत, म्हणजे सैतानाशी करार करणाऱ्या फाउस्टच्या कथेचे १९५९ चे विडंबन यासारख्या कामांत, ते उत्तम नट म्हणून दिसतात. पण तसे नट त्या देशात आणखीही होते.

एक धोक्याची सूचना. कोणीतरी उठून "म्हणजे हे त्यांचे पु. ल. का?" असे विचारणारच. होर्निचेक १० नोव्हेंबर १९१८ चे आणि पु. ल. देशपांडे ८ नोव्हेंबर १९१९ चे, म्हणजे वर्षाला दोन दिवस कमी एवढेच अंतर. दोघेही लेखक, दोघेही नट, दोघांनीही प्रवासावर लिहिले. होर्निचेक यांच्या कॅनडाविषयीच्या पुस्तकाच्या नावातच मेपलची पाने आहेत. साम्य मोहात पाडणारे आहे, तरी होकार देऊ नका. पु. लं. चा कळस एकपात्रीत आहे. सगळी माणसे ते एकटेच उभी करत. होर्निचेक यांना समोर दुसरे माणूस लागत असे.

प्रश्नकर्त्याचे उत्तर — दक्षिण कसब्यातील वाचक

तिघांचेही मनःपूर्वक आभार. मी केलेले टिपण जन्म, शिक्षण, नाटके, चित्रपट, मृत्यू अशा चौकटीत होते. ते बाजूला ठेवले आहे. आता सुरुवात बतावणीपासून करीन, तिथून वोस्कोवेत्स यांच्या रिकाम्या जागेकडे जाईन, आणि माँट्रियलला सर्वांत जास्त वेळ देईन. ताई, तुमची रांगोळीची उपमा वापरू का? नाव न घेता, 'आपल्याच गावातील एका अभिनेत्रीचा अनुभव' एवढेच म्हणेन.

आणखी एक कल्पना आहे, वेडगळ वाटल्यास स्पष्ट सांगावे. श्रोत्यांना हिरवे आणि लाल कागद वाटायचे, मध्ये दोनदा थांबून पुढे काय ऐकायचे ते त्यांनाच विचारायचे, आणि कौल काहीही लागला तरी मी ठरवलेलेच बोलायचे.

उत्तर ४ — पूर्व भागातील रंगकर्मी

उपमा खुशाल वापरा. कागदाची कल्पना छान आहे, फक्त फसवणूक शेवटी उघड करा, नाहीतर साठीच्या पुढचे श्रोते चहाच्या वेळी तुम्हाला धरतील. आणि कौल मोजताना घाई करू नका. तिथेच लोक एकमेकांकडे बघून हसतात, त्यांना तेवढा वेळ द्या.

उत्तर ५ — विंगेतला

उच्चाराचे एक. आडनावात 'होर'वर जोर द्यावा आणि 'नि' दीर्घ म्हणावी, म्हणजे होर्नीचेक. चेक भाषेत जोर नेहमी पहिल्या अक्षरावर येतो. लिहिताना आपण सगळ्यांनीच ऱ्हस्व लिहिले आहे, ते चालेल. वाचनालयाच्या त्या सभागृहात पडदा आहे का?

दक्षिण कसब्यातील वाचक

पडदा नाही. एक लांब टेबल आहे आणि त्यामागे वक्त्याची खुर्ची असते. टेबलापुढे उभा राहून बोलेन. आमच्या ग्रंथपालांना मध्ये एकदा झाडू घेऊन येण्याची विनंती केली आहे. ते अजून 'बघू' म्हणत आहेत.